एकाहत्तर चेंडू, चूक शून्य

"वाक," डिंगणे सर म्हणाले.

मी वाकलो.

"अजून वाक. पाय फाक. आता पायांच्या मधून मागं बघ. काय दिसतंय?"

"तुम्ही दिसताय सर. उलटे."

"बरोबर. हीच तुझी जागा."

अशी माझी अमेरिकन फुटबॉलमधली कारकीर्द सुरू झाली. आठ वर्षं तालमीत लाल माती अंगाला लावलेला गडी मी, आणि अमेरिकेत अकरा वर्षं राहून आलेला हा माणूस मला चेंडू मागे फेकायला वाकवून उभा करत होता. तिथं ते काय करायचे, हे आम्ही पुढे शोधून काढलं. एका शाळेच्या मैदानावरचं गवत कापायचे. कापता कापता पोरांचा खेळ बघायचे. एवढ्या भांडवलावर ते आमच्याकडे 'कोच' झाले होते.

पण त्यांना तरी का बोल लावा? ज्यांनी हा खेळ वारणाकाठी आणला त्या तात्यासाहेब खराड्यांनी तर तो एकदाच पाहिला होता, तोही अमेरिकेत लेकीच्या घरी, टीव्हीवर. परत आल्यावर पंधरा दिवसांत 'अखिल दक्षिण महाराष्ट्र अमेरिकन फुटबॉल संघटना' उभी राहिली. लेटरहेड आधी छापलं, चेंडू चार महिन्यांनी आला. तात्यासाहेब अध्यक्ष, त्यांचे साडू उपाध्यक्ष आणि पुतण्या धैर्यशील स्टार खेळाडू.

या खेळात बहुतेक वेळ चेंडू हातात घेऊन पळायचं असतं. पायाने मारायची वेळ क्वचित येते, पण सामना पुष्कळदा त्यावरच ठरतो. त्या वेळेपुरती तीन माणसं वेगळी तयार करतात. पहिला मी, लाँग स्नॅपर. वाकायचं आणि पायांमधून चेंडू सात यार्ड मागे सोडायचा. दुसरा होल्डर. त्याने गुडघा टेकून तो पकडायचा, शिवण पुढे फिरवायची आणि चेंडू टोकावर उभा धरायचा. तिसरा किकर. त्याने धावत येऊन चेंडू दोन खांबांच्या मधून जाईल अशी लाथ मारायची. घामाचं काम दोघांनी करायचं, हार तिसऱ्याच्या गळ्यात. आयत्या बिळावर नागोबा म्हणतात तो हाच, आणि आमच्या संघात नागोबा म्हणजे अर्थात धैर्यशील. आख्ख्या मोसमात त्याच्या पांढऱ्या पँटीला एकदाही माती लागली नाही.

लाँग स्नॅपरचं नाव लोक फक्त तो चुकला तरच घेतात. माझं कुणी घेत नव्हतं. मला त्याचाच अभिमान होता.

आमचा होल्डर शीतल मगदूम. उदगावचा, कॉलेजात यष्टिरक्षण करायचा, बी.पी.एड.ला माझाच खोलीसोबती. त्या सगळ्या सोंगाड्यांत मला ज्याच्याबद्दल आदर होता असा हा एकच माणूस. त्याचे हात मऊ होते. चेंडू त्याच्या हातात आला की आवाज व्हायचा नाही.

"पैलवान," तो पहिल्याच दिवशी म्हणाला, "माझ्या डाव्या खांद्याखाली टाक. रोज तितंच. मी हात न्हेणार न्हाई, तू आणून द्यायचास."

"आणि न्हाई आला तर?"

"तर माझंच नाव घेत्यात लोक. तुझं कुणाला ठावं हाय?"

आम्ही रोज सकाळी साडेपाचला साखर कारखान्याच्या मैदानावर दोनशे चेंडू टाकायचो. धैर्यशील साडेआठला गाडीतून उतरायचा, दहा लाथा मारायचा, त्यातल्या चार बरोबर जायच्या, आणि कोच टाळ्या वाजवायचे.

शीतलला हे सगळं का सोसायचं होतं, हे आम्हा दोघांनाही माहीत होतं. तात्यासाहेबांच्या शाळेत क्रीडाशिक्षकाची एक जागा होती. एकच. आम्ही दोघंही पात्र होतो, पण शीतलला मार्क जास्त होते आणि पोरांना शिकवायची खरी हौस त्यालाच होती. तात्यासाहेबांनी त्याला शब्द दिला होता. खंडेनवमीला अंतिम सामना, सामना संपला की स्टेजवर सगळ्यांसमक्ष नेमणुकीचं पत्र. आणि त्या पत्रावर आणखी एक गोष्ट अडलेली होती. शिरोळच्या आण्णा पाटलांची सुजाता त्याला पसंत होती, तिलाही तो पसंत होता. आण्णा मात्र स्पष्ट बोलले होते.

"पोरगा खेळतोय, म्हंजे करतोय काय?" त्यांनी विचारलं होतं. "पत्र दावा, त्याच दिवशी सुपारी फोडू."

"तुला राग न्हाई आला माझा?" शीतलने एकदा मला विचारलं. "जागा तुझी बी हुती."

"मला पोरांच्या पी.टी.त काय रस न्हाई," मी म्हणालो. ते साफ खोटं होतं. घरी बसून दोन वर्षं झाली होती, वडील ताट वाढताना माझ्याकडे बघायचे नाहीत. पण जागा शीतलला मिळावी असं मला मनापासून वाटत होतं. हे मी आजही शपथेवर सांगेन.

खंडेनवमी उजाडली. सामना सोलापूरच्या संघाशी, दुपारी साडेतीनला. सकाळी नऊला तात्यासाहेबांनी मैदानाच्या मधोमध पूजा मांडली होती. शस्त्रपूजनाच्या दिवशी साहित्याची पूजा करायची ही आपली रीत, त्याला कुणाची ना नाही. पण तिथं जे चाललं होतं ती पूजा नव्हती, तमाशा होता. हेल्मेटांची उतरंड रचली होती, तिच्यावर झेंडूच्या माळा. हलगीवाले बोलावले होते. फोटोग्राफर भटजींना म्हणत होता, "गुरुजी, जरा डावीकडं सरका, साहेब झाकाय लागल्यात." तात्यासाहेबांनी एका हेल्मेटवर नारळ फोडायचा प्रयत्न केला. हेल्मेट अमेरिकेचं, नारळ कोकणातला. नारळ फुटला नाही, उसळून उपाध्यक्षांच्या पोटाला लागला. धैर्यशीलने आपल्या उजव्या बुटाला स्वतःच कुंकू लावून घेतलं आणि फोटो काढून घेतला.

मला शिसारी आली. तालमीत आम्ही ज्या हाताने मुद्गल पूजायचो तो हात आधी धुतलेला असायचा, आणि तिथं कुणी कॅमेऱ्याकडे बघायचं नाही.

तेवढ्यात डिंगणे सरांनी मला बाजूला घेतलं. शीतल माझ्या शेजारीच उभा होता. हातात एक खोका होता. आत कोरा करकरीत चेंडू.

"हा लाथेसाठी राखून ठेवलेला. जुना गेला तरच काढायचा," ते म्हणाले. "नव्या कातड्यावर मेणासारखं काहीतरी असतं, गुळगुळीत लागतं. ओलं फडकं घे आणि घासून काढ. अर्धा तास घास. आणि हे बघ, त्याला काही लावू नकोस."

"काही म्हंजे?"

"काही म्हणजे काहीही. फक्त ओलं फडकं."

गवत कापणारा माणूस मला अवजार कसं राखावं हे शिकवत होता. मी मान डोलावली, फडकं घेतलं, चेंडू घेतला आणि त्या गोंगाटातून बाहेर पडून तालमीकडे गेलो. तालमीत कुणी नव्हतं. मारुतीसमोर बसून मी वस्तादांनी शिकवल्याप्रमाणे करायचं ते केलं आणि तासाभराने चेंडू परत खोक्यात ठेवला.

"घासलास?" सरांनी विचारलं.

"व्हय."

सामन्याबद्दल काय सांगावं? चार हजार लोक आले होते, त्यातल्या चाळिसांनासुद्धा नियम माहीत नव्हते. कुणी कुणाला पाडलं की शिट्ट्या वाजत होत्या. आमच्या पोरांनी दोनदा चेंडू पार पलीकडे नेला, बारा गुण झाले. दोन्ही वेळा नंतरच्या एका गुणासाठी धैर्यशीलने लाथ मारायची होती. पहिली खांबाच्या डावीकडून गेली. दुसरी खांबाच्या उजवीकडून, कंपाउंडच्या आणि शेजारच्या बांधाच्या वरून उसाच्या फडात गेली. ऊस डोक्याच्या वर होता. जुना चेंडू त्या फडात गेला तो गेलाच. लोकांनी मात्र उभं राहून टाळ्या वाजवल्या, किती लांब मारला म्हणून! गाढवाला गुळाची चव काय.

सोलापूरचे चौदा झाले. सात सेकंद उरले आणि आम्ही पंचवीस यार्डांवर होतो. लाथ बरोबर गेली तर तीन गुण, पंधराला चौदा, आणि संपलं.

डिंगणे सरांनी नवा चेंडू मैदानात धाडला. पंचाने तो जमिनीवर ठेवला.

मी माझ्या सवयीप्रमाणे कमरेच्या पुरचुंडीतली तालमीची माती दोन्ही तळव्यांना चोळली. मातीशिवाय मी आयुष्यात कुठली पकड घेतली नाही. शीतल माझ्या मागे जाऊन गुडघ्यावर बसला. जाताना माझ्या पाठीवर हलकी थाप मारली.

"रोजच्यावानी टाक, पैलवान."

"सुपारी फोडायला मला बोलीव," मी म्हणालो.

"तुला सोडून कुणाला बोलवू?"

मी वाकलो. पायांच्या मधून मला सगळं उलटं दिसत होतं. शीतलचे पसरलेले हात, त्याच्या मागे कमरेवर हात ठेवून उभा धैर्यशील, त्याच्याही मागे स्टेज, स्टेजवर तात्यासाहेब. त्यांच्या सदऱ्याच्या खिशातून पांढऱ्या पाकिटाचा कोपरा वर आला होता. शेजारच्या खुर्चीवर फेटा बांधलेले आण्णा पाटील होते. शीतलने बोटं हलवली, ती आमची खूण. मी चेंडू सोडला.

तो माझ्या हातून सुटलेला सगळ्यात चांगला चेंडू होता. घट्ट फिरत, सरळ रेषेत, डाव्या खांद्याच्या दोन बोटं खाली. शीतलचे मऊ हात त्यावर मिटले. आणि चेंडू त्या हातांतून साबणाच्या वडीसारखा वर निसटला. त्याने झेप घेऊन तो परत धरला, तो परत निसटला. धैर्यशील धावत आला, हवेत लाथ मारली आणि पाठीवर आपटला. सोलापूरच्या एका आडदांड पोराने चेंडूवर अंग टाकलं. शिट्टी झाली.

धैर्यशीलच्या पँटीला माती लागली. तेवढं एक चांगलं झालं.

"हाताला काय मेंदी लावून आलायस काय रं?" तो उठून शीतलच्या अंगावर धावला. "एवढा सोपा चेंडू! मी मारलाच हुता!" ज्या गड्याने दिवसभरात दोन सोप्या लाथा चुकवल्या तो हे म्हणत होता, आणि लोक त्याच्या बाजूने ओरडत होते.

शीतल गुडघ्यावरच बसला होता. तो आपल्या तळव्यांकडे बघत होता. मी जवळ गेलो आणि मलाही दिसलं. दोन्ही तळवे तांबूस, तुकतुकीत. कुंकवाचा रंग, आणि त्यावर तेल.

आता सांगतो मी तालमीत काय केलं ते. फडकं मी ओलं केलंच नाही, मारुतीच्या कट्ट्यावर टाकलं. चेंडू मांडीवर घेतला आणि आमच्या मुद्गलांना लावतात ते कापूर घातलेलं करडीचं तेल त्याला जिरवून जिरवून चोळलं. वर कुंकवाची पाच बोटं ओढली. अवजाराला तेल दाखवल्याशिवाय ते धार्जिणं होत नाही, असं वस्ताद म्हणायचे. त्या मैदानावर पूजा खरी कशी करतात हे कळणारा मी एकटाच, असं मला वाटत होतं. मग धोतराच्या सोग्याने वरवर पुसून तो खोक्यात ठेवला. कातड्याने तेल आत ओढलं आणि दुपारच्या उन्हात परत बाहेर टाकलं. माझ्या हाताला माती होती, मला ते कळलंसुद्धा नाही. शीतलच्या हाताला काहीच नव्हतं.

शीतलने मान वर करून माझ्याकडे बघितलं. मग दोन्ही तळवे पँटीला पुसले, नीट, दोनदा. आणि उभा राहिला.

तात्यासाहेब स्टेजवरून उतरून आले. मागे उपाध्यक्ष, मागे डिंगणे सर. आण्णा पाटील खुर्चीवरून उठले होते, पण पुढे आले नाहीत.

"काय झालं रं?" तात्यासाहेबांनी विचारलं.

"सुटला," शीतल म्हणाला.

"सुटला म्हंजे? चेंडू वाकडा आला?"

मी तिथंच होतो, हाताच्या अंतरावर.

"न्हाई," शीतल म्हणाला. "चेंडू झकास आला. माझ्याच हातनं सुटला."

"ज्याला एक चेंडू धरता येत न्हाई," तात्यासाहेब चारजणांना ऐकू जाईल असं म्हणाले, "त्याच्या हातात मी शाळंची पोरं द्यायची व्हय?"

त्यांनी खिशावर हात ठेवला आणि पाकिटाचा कोपरा आत ढकलला. आण्णा पाटलांनी ते बघितलं. मी बुटाची नाडी बांधायला खाली वाकलो.

नंतर मैदानामागच्या नळावर आम्ही दोघंच होतो. शीतल हात धूत होता. तेल पाण्याने जात नव्हतं, तो माती घेऊन चोळत होता.

"पैलवान," तो म्हणाला, "तेल कंचं वापरतोस?"

"करडीचं."

"कापूर घालतोस न्हवं? वास चांगला येतोय."

त्याने नळ बंद केला.

"मी सांगिटलं असतं तर म्हणाले असते, आपली चूक दुसऱ्याच्या गळ्यात मारतोय. तू सांगिटलंस तर ऐकतील. आण्णा अजून गेल्यालं न्हाईत. गाडीपाशी हाईत."

"आत्ता तापल्यात रं ते," मी म्हणालो. "आत्ता कोण ऐकणार? उद्या दसरा हाय. सोनं द्यायला जातोच मी वाड्यावर. निवांत सांगतो."

"उद्या?"

"उद्या. आईशप्पत."

तो "बरं" म्हणाला आणि पिशवी उचलून चालू लागला.

दसऱ्याला मी गेलो. आपट्याची पानं घेऊन, धुतलेला सदरा घालून गेलो. वाटेत वाक्यं जुळवली होती. तात्यासाहेब झोपाळ्यावर बसले होते. मी सोनं दिलं, पाया पडलो. त्यांनी मला खांद्याला धरून उठवलं.

"आख्ख्या संघात बिनचूक गडी तू एकटा," ते म्हणाले. "डिंगण्यांनी मोजून ठेवलंय. मोसमातल्या सामन्यांत एकाहत्तर चेंडू टाकलेस, चूक एक न्हाई. काय शिकलायस रं तू?"

"बी.पी.एड., साहेब."

"आं? मग बोलला न्हाईस कधी?"

मी जुळवलेल्या वाक्यांतलं पहिलं वाक्य तोंडापर्यंत आलं होतं. ते मी गिळलं. समोर शिऱ्याची बशी आली, तीही खाल्ली.

दिवाळीनंतर शाळा भरली तेव्हा क्रीडाशिक्षक म्हणून मी रुजू झालो. संघटना पुढच्या पावसाळ्यापर्यंत मोडली, हेल्मेटं कारखान्याच्या गोदामात उंदरांनी कुरतडली. सुजाता पाटील मिरजेला बँकेतल्या एका मुलाला दिली. शीतल मला भेटायला आला नाही, भांडायला आला नाही, कुणाजवळ एक शब्द बोलला नाही. मी वाट बघत होतो की तो कुठंतरी बोलेल, मग मला त्याचा राग तरी करता येईल. त्याने तेवढीही सोय ठेवली नाही.

तात्यासाहेब ढोंगी होते, धैर्यशील बांडगूळ होता, डिंगणे सर उंटावरचे शहाणे. हे सगळं खरं आहे. पण त्यांतल्या कुणी मित्राचं घर मोडून त्यावर आपलं घर बांधलं नाही. आयत्या बिळावरचा नागोबा शेवटी मीच निघालो. आणि गवत कापणाऱ्या माणसाने सांगितलेली एकच गोष्ट जर मी ऐकली असती, तर यातलं काहीच घडलं नसतं.

माझ्या खोलीत खुर्चीच्या मागे संघटनेचं प्रमाणपत्र लावलेलं आहे. 'आनंदा चौगुले, लाँग स्नॅपर. एकाहत्तर चेंडू, चूक शून्य.' तात्यासाहेबांनी स्वतः चौकट करून दिली, काढता येत नाही.

शीतलने पुढे जयसिंगपुरात खेळाच्या साहित्याचं दुकान टाकलं. चांगलं चालतं. तिथला माल सगळ्यांत टिकाऊ, म्हणून मुख्याध्यापक दरवर्षी त्याच्याकडूनच मागवतात. खोका दसऱ्याच्या आधी चार दिवस येतो, खंडेनवमीला पूजेत नवं साहित्य मांडता यावं म्हणून. फुटबॉल, व्हॉलीबॉल, दोऱ्या, शिट्ट्या. आणि सगळ्यांच्या वर, घडी घातलेलं एक पांढरं सुती फडकं. पहिल्या वर्षी वाटलं, मालाला धूळ लागू नये म्हणून घातलं असेल. दुसऱ्या वर्षी खोका बाजूच्या शाळेच्या खोक्याबरोबर आला. त्यांच्या खोक्यात फडकं नव्हतं.

यंदाही परवा खोका आला. शिपायाने उघडला.

"सर, फडकं बरं हाय," तो म्हणाला. "ओलं करून तुमच्या फ्रेमची काच पुसू काय?"

"नको," मी म्हणालो. "इकडं आण."

टेबलाच्या खालच्या खणात आता अकरा झाली. सगळी आली तशी घडी घातलेली आहेत. त्यांतलं एकही मी अजून ओलं केलेलं नाही.